बारेंट्सबर्ग: नॉर्वेच्या बेटावरची रशियन खाण चालते तरी कशी?

शनिवारपेठी

आमच्या अभ्यासमंडळात पुढच्या महिन्यात आर्क्टिकमधल्या सत्तास्पर्धेवर पाऊण तास बोलायचं माझ्या गळ्यात पडलं आहे. अख्खा आर्क्टिक पाऊण तासात कोंबला तर नुसती यादी होईल, म्हणून एकच गाव धरायचं ठरवलंय: स्वालबार्ड द्वीपसमूहातलं बारेंट्सबर्ग. जमीन नॉर्वेची, खाण रशियाच्या सरकारी कंपनीची, चौकात लेनिनचा पुतळा, आणि नॉर्वे तर नाटोचा संस्थापक सदस्य. श्रोत्यांत निवृत्त फौजी आहेत, प्राध्यापक आहेत, दोन-तीन वकील आहेत. मोघम बोलून सुटका नाही.

अडलंय ते असं. तिथे कायदा कुणाचा चालतो? कोळसा परवडत नाही म्हणतात, मग खाण चालू कशाला ठेवली आहे? २०२२ नंतर निर्बंध आले, तर तिथल्या माणसांचं धान्य, पगार, येणंजाणं कसं चालतं? आणि मंडळातलंच एक जोडपं जुलैत नॉर्वेला निघालंय, त्यांना हे गाव बघता येईल का? 'स्वालबार्डला व्हिसा लागत नाही' असं जिथेतिथे लिहिलेलं दिसतं, ते जरा जास्तच सोपं वाटतं.

कलमबहाद्दर

लेनिनचा पुतळा शेवटी दाखवा, आधी तह सांगा. नाहीतर वकील मंडळी पाचव्या मिनिटाला हात वर करतील.

स्वालबार्डचा तह ९ फेब्रुवारी १९२० रोजी पॅरिसमध्ये झाला आणि १४ ऑगस्ट १९२५ पासून लागू झाला. पहिल्याच कलमात नॉर्वेचं पूर्ण सार्वभौमत्व मान्य केलेलं आहे. त्यामुळे बारेंट्सबर्ग हा रशियाचा प्रदेश नाही, भाडेपट्ट्याने दिलेला नाही, वकिलातीसारखी सूट असलेलाही नाही. तिथे मारामारी झाली तर तपास नॉर्वेच्या गव्हर्नरच्या हाताखालचे पोलीस करतात. रशियाकडे आहे ती खाजगी मालकी. 'आर्क्तिकुगोल' ही सोव्हिएत कंपनी १९३१ मध्ये निघाली आणि १९३२ मध्ये हे गाव एका डच कंपनीकडून तिच्या ताब्यात आलं. वाडा तुमचा असला म्हणून महापालिका तुमची होत नाही, एवढं म्हटलं की पुण्यात पुढचं समजावावं लागणार नाही.

मग तहात इतरांना काय मिळालं? दुसऱ्या-तिसऱ्या कलमांनी सह्या करणाऱ्या सगळ्या देशांच्या नागरिकांना मासेमारी, शिकार, खाणकाम, व्यापार यांत नॉर्वेजियन माणसाइतकाच हक्क दिला. आठव्या कलमाने तिथे गोळा झालेला कर तिथेच खर्च करायचं बंधन घातलं. नववं कलम तुमच्या फौजी श्रोत्यांचं: नाविक तळ नाही, तटबंदी नाही, युद्धाच्या हेतूने वापर नाही. नॉर्वे याचा अर्थ 'तळ नको, पण आमच्या तटरक्षक दलाची आणि नौदलाची जहाजं येऊ शकतात' असा लावतो. रशियाला तेवढंही खपत नाही. प्लाटोबर्गेट डोंगरावरच्या उपग्रह केंद्राचा डेटा लष्कराला जातो, हा आरोपही त्याच कलमाच्या आधाराने केला जातो.

श्रोत्यांना जागं करणारी गोष्ट हवी असेल तर ही घ्या. ब्रिटिश साम्राज्याच्या सहीबरोबर भारतही १९२० पासून या तहात आहे. कागदावर पाहिलं तर शनिवार पेठेतला माणूसही तिथे कोळशाचा दावा लावू शकतो. लावू नये, ही गोष्ट वेगळी.

खरं भांडण जमिनीपेक्षा पाण्याचं आहे. नॉर्वेने १९७७ मध्ये बेटांभोवती २०० सागरी मैलांचं मत्स्यसंरक्षण क्षेत्र आखलं. समान हक्क फक्त जमिनीवर आणि किनाऱ्यालगतच्या प्रादेशिक समुद्रात, त्यापलीकडे नाही, ही नॉर्वेची भूमिका. हिमखेकड्यांच्या खटल्यात नॉर्वेच्या सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२३ मध्ये समुद्रतळाबाबत हीच भूमिका उचलून धरली, आणि तिथे समोर रशिया नव्हता, युरोपीय संघातली लाटव्हियाची कंपनी होती. 'एकीकडे रशिया, दुसरीकडे बाकी सगळे' असं चित्र रंगवलंत तर ते चुकेल. तहाच्या शताब्दीला, फेब्रुवारी २०२० मध्ये, रशियाचे परराष्ट्रमंत्री लावरोव यांनी नॉर्वेला पत्र लिहिलं. त्यातल्या तक्रारी वाचून दाखवा: हेलिकॉप्टरवरचे निर्बंध, मासेमारीचं क्षेत्र, रशियनांना हद्दपार करण्याची पद्धत, वाढवत नेलेली अभयारण्यं. तोफा-रणगाडे कुठेच नाहीत, सगळा परवान्यांचा आणि नियमांचा झगडा.

काळंसोनं

खाणीबद्दल लिहितो. हा भाग लोक एका वाक्यात उरकतात आणि म्हणून बाकीचं त्यांना कळत नाही.

बारेंट्सबर्गचं उत्पादन वर्षाला साधारण १ लाख २० हजार टन होतं. चंद्रपूरकडची मध्यम आकाराची ओपनकास्ट एवढा कोळसा काही आठवड्यांत काढते. ऑगस्ट २०२२ मध्ये युरोपीय संघाने रशियन कोळसा बंद केला आणि जवळचं गिऱ्हाईक गेलं. आता उत्पादन ४० हजार टनांपर्यंत खाली आणायचं, म्हणजे जेमतेम गावापुरतं काढायचं, अशी कंपनीची योजना आहे. तोटा सरकारी अनुदानातून भरून निघतो आणि कंपनीही ते लपवत नाही.

गावापुरतं म्हणजे नेमकं काय? गावात कोळशावर चालणारं वीजकेंद्र आहे. तेच वीज देतं आणि त्याच्याच गरम पाण्यावर घरं तापतात. जमीन कायमची गोठलेली असल्यामुळे नळ पुरता येत नाहीत. पाण्याचे, सांडपाण्याचे, गरम पाण्याचे नळ जमिनीवरूनच, उष्णतारोधक वेष्टनातून नेलेले असतात आणि इमारती खांबांवर उभ्या असतात. घराची ऊब खाली उतरली तर वरचा थर वितळतो आणि पाया एका बाजूने खचतो, म्हणून खालून वारा खेळता ठेवायचा. जानेवारीत वीजकेंद्र बंद पडलं तर प्रश्न अंधाराचा नसतो, अंधार तर तिथे तसाही असतो. काही तासांत नळ गोठून फुटायला लागतात आणि गाव राहण्यालायक उरत नाही. म्हणून खाण, वीजकेंद्र आणि वस्ती या तीन गोष्टी सुट्या करता येत नाहीत. शेजारच्या लाँगइयरब्येनने, म्हणजे स्वालबार्डवरच्या मुख्य नॉर्वेजियन गावाने, ऑक्टोबर २०२३ मध्ये कोळशाचं वीजकेंद्र बंद करून डिझेल घेतलं आणि २०२५ मध्ये तिथली सात नंबरची शेवटची खाणही बंद झाली. त्यांना मुख्य भूमीवरून डिझेल आणता येतं. बारेंट्सबर्गने डिझेल घेतलं तर टाकी भरायची की नाही हे दुसऱ्याच्या बंदरावर ठरेल.

आता खाणीतलं. कोळसा पॅलिओसीन काळातला, सुमारे ६ कोटी वर्षांपूर्वीचा. स्वालबार्डवरच्याच पिरामिडेन या दुसऱ्या रशियन खाणगावाचा त्याहून कितीतरी जुना, कार्बॉनिफेरस काळातला. दोन्ही एकाच माळेत ओवू नका. तिथे गोठलेली जमीन दऱ्यांत १०० मीटरच्या आसपास आणि डोंगरांत ४०० ते ५०० मीटर खोल जाते. त्या थरात खडक घट्ट असतो, पाणी झिरपत नाही. बारेंट्सबर्गची खाण समुद्रसपाटीच्याही खाली गेलेली आहे. गोठलेल्या थराखाली उतरलं की पाणीही येतं आणि गॅसही, कारण वरच्या बर्फाच्या झाकणाखाली मिथेन कोंडलेला असतो.

मिथेन हवेत ५ ते १५ टक्के झाला की ठिणगीची वाट बघतो. आपल्याकडे १.२५ टक्क्यांनाच त्या भागाची वीज तोडून माणसं बाहेर काढतात. पण मोठा संहार बहुतेक वेळा गॅस एकटा करत नाही. पहिल्या स्फोटाने जमिनीवरची आणि भिंतींवरची कोळशाची धूळ उडते, ती पेटते, आणि ज्वाला बोगद्यातून पुढे धावते. साध्या खाणीत धूळ पाण्याच्या फवाऱ्याने दाबतात. गोठलेल्या बोगद्यात पाणी मारलं तर बर्फ होतो, शिवाय बाहेरून ओढलेली हिवाळ्यातली हवा इतकी कोरडी असते की धूळ आणखी उडते. म्हणून तिथे स्टोन डस्टवर, म्हणजे चुनखडीच्या भुकटीवर जास्त भिस्त. ती कोळशाच्या धुळीत मिसळली की मिश्रण पेट घेत नाही. अट एवढीच की नवी धूळ बसेल तशी ती पुन्हापुन्हा मारत राहायला हवी. माणसं कमी, पाळ्या लांब, की पहिल्यांदा हेच काम मागे पडतं.

तिसरा धोका आपोआप पेटणारा कोळसा. काढून झालेल्या भागात, म्हणजे गोफमध्ये, उरलेला चुरा हवेशी संयोग पावून तापत जातो. भिंत घालून हवा तोडायची, जमलं नाही तर तो भाग पाण्याने भरून टाकायचा. पाणी भरलं की तिथली यंत्रंही गेली असं समजायचं.

बारेंट्सबर्गमध्ये १८ सप्टेंबर १९९७ रोजी झालेल्या स्फोटात २३ माणसं गेली. त्याच्या आदल्या वर्षी, २९ ऑगस्ट १९९६ ला, खाणकामगारांना घेऊन येणारं विमान लाँगइयरब्येनजवळ डोंगरावर आपटून १४१ जण गेले होते. पिरामिडेनची खाण १९९८ मध्ये बंद झाली त्यामागे हा काळ आहे. नुसता 'कोळसा संपला' असं सांगू नका.

मालधक्का

धान्य आणि पगाराचं मी सांगतो.

२०२२ पर्यंत मालाचा एक मार्ग असा होता: मुर्मान्स्ककडून ट्रकने स्तूर्स्कूग, मग नॉर्वेच्या रस्त्याने ट्रॉम्सो, तिथून जहाजाने बारेंट्सबर्ग. स्तूर्स्कूग ही रशिया-नॉर्वे सीमेवरची एकमेव चौकी. युरोपीय संघाची रशियन मालवाहतूकदारांवर बंदी आली तेव्हा नॉर्वेने तीही लावली आणि जूनमध्ये दोन कंटेनर चौकीवर अडकले. सुमारे २० टन माल, त्यात ७ टन खाण्याच्या वस्तू. रशियाने लगेच 'तहाचा भंग, माणसं उपाशी मारताय' असा सूर लावला. नॉर्वेचं उत्तर असं की अडवलाय तो रशियन ट्रक, माल नव्हे. जुलैत तोडगा निघाला तो अगदी गोदामातला: कंटेनर सीमेवर उतरवायचा, नॉर्वेजियन ट्रकवर चढवायचा, पुढे जाऊ द्यायचा. त्याच सुमारास नॉर्वेतल्या संकेतस्थळांवर रशियाधार्जिण्या हॅकर टोळीने हल्ले केले. त्याआधी, मे २०२२ मध्येच, मासेमारी नौका सोडून रशियन जहाजांना नॉर्वेची बंदरं बंद झाली होती, पण स्वालबार्डची बंदरं त्यातून वगळली. हे वगळणं भाषणात नक्की सांगा. नॉर्वेला गाव उपाशी ठेवायचं नाही, आणि तहाचं कलम दाखवायची संधीही द्यायची नाही.

येणंजाणं याहून त्रासाचं झालं. आधी मॉस्कोहून थेट लाँगइयरब्येनला विमानं यायची. फेब्रुवारी २०२२ अखेर नॉर्वेने रशियन विमानांना आकाश बंद केलं. आता कामगाराला तिसऱ्या देशातून ऑस्लोला यावं लागतं, म्हणजे शेंगेन (युरोपातल्या बहुतेक देशांचा सामायिक) व्हिसा आला, किंवा समुद्रमार्गे थेट यावं लागतं.

पगार रुबलमध्ये, रशियन बँकेत. मार्च २०२२ पासून रशियन बँकांची व्हिसा आणि मास्टरकार्डची कार्डं देशाबाहेर चालत नाहीत, आणि लाँगइयरब्येन त्या हिशेबात परदेश. म्हणजे ५५ किलोमीटरवरच्या दुकानात खिशातल्या कार्डाने काडेपेटीही मिळत नाही. रोख क्रोन कुणाकडून तरी मिळवायचे, नाहीतर गावातल्या कंपनीच्याच दुकानावर भागवायचं.

आणि 'रशियन गाव' म्हणताना जरा जपून. तिथले खाणकामगार कित्येक वर्षं मोठ्या संख्येने दोन्बासमधून, म्हणजे पूर्व युक्रेनच्या लुहान्स्क-दोनेत्स्क भागातून येत आले आहेत. तिथे खाणकाम पिढीजात, आणि स्वालबार्डचा पगार घरच्यापेक्षा बरा. युद्ध सुरू झालं तेव्हा ज्यांची घरं समोरासमोरच्या बाजूंना होती ती माणसं एकाच पाळीत खाली उतरत होती. १९८० च्या दशकात स्वालबार्डवर नॉर्वेजियनांपेक्षा सोव्हिएत नागरिक जास्त होते. आता बारेंट्सबर्ग ३०० च्या घरात आलं आहे.

भूगोल_विषय_सोपा

एवढं सगळं वाचून एकच शंका. उद्या रशियाने तिथे 'आपल्या लोकांच्या रक्षणासाठी' सैनिक उतरवले तर? क्रिमियात झालंच की.

कलमबहाद्दर

शक्यता कुणी शून्य म्हणत नाही. पण बारेंट्सबर्ग घेऊन रशियाला मिळणार काय? कोला द्वीपकल्पावरचा उत्तरी ताफा अटलांटिककडे जातो तो स्वालबार्ड आणि नॉर्वेच्या उत्तर टोकामधल्या पाण्यातून. रशियाला ते पाणी मोकळं हवंय. आज बेटांवर नाटोचा तळ नाही, आणि तो नसण्याचं कारण नववं कलम. सैनिक उतरवले की ते कलम त्याच दिवशी संपलं. सोव्हिएत परराष्ट्रमंत्री मोलोतोव यांनी नोव्हेंबर १९४४ मध्ये नॉर्वेकडे थेट ब्योर्नोया बेट मागितलं होतं आणि तह गुंडाळायचा आग्रह धरला होता. तेव्हाही सैन्याने नाही, वाटाघाटीने. त्याच्या आदल्याच वर्षी, सप्टेंबर १९४३ मध्ये, जर्मनांच्या 'टिर्पिट्झ' आणि 'शार्नहोर्स्ट' या युद्धनौकांनी लाँगइयरब्येन आणि बारेंट्सबर्ग तोफांनी जाळलं होतं. ही बेटं राखणं किती अवघड आहे ते नॉर्वे आणि सोव्हिएत संघ दोघांनाही माहीत होतं.

लक्ष ठेवायचं ते छोट्या गोष्टींवर. ९ मे २०२३ ला बारेंट्सबर्गमध्ये विजयदिनाची मिरवणूक निघाली ती ट्रक, स्नोमोबाइल आणि वर कंपनीचं हेलिकॉप्टर अशी. बंदूक एकही नाही, तरी थाट लष्करी. किंवा ७ जानेवारी २०२२: मुख्य भूमीपासून येणाऱ्या दोन समुद्री केबलींपैकी एक तुटली. दुसरी चालू होती म्हणून बेटं जोडलेली राहिली. रशियन ट्रॉलर तिथून वारंवार गेल्याचं पुढे आलं, पण पुराव्याअभावी तपास बंद झाला. दोष कुणाच्याच माथी मारता येत नाही आणि संशय मात्र सगळ्यांच्या मनात राहतो. माझ्या मते पुढेही असंच चालेल.

शनिवारपेठी

कमाल झाली, अर्धं भाषण तयार झालं. एक राहिलं: 'तिथे मरायला कायद्याने बंदी आहे' हे खरं का? आणि जोडप्याचा प्रश्न तसाच आहे. त्यांना स्वालबार्डवरचं आपलं, म्हणजे भारताचं, हिमाद्री संशोधन केंद्रही बघायचं म्हणे.

उत्तरायण

मरायला बंदी नाही. शवपेटी पुरत नाहीत, कारण गोठलेली जमीन उन्हाळ्यात सैल आणि हिवाळ्यात घट्ट होताना पुरलेली वस्तू वर ढकलत राहते. अस्थिकलश परवानगीने पुरता येतो. वृद्धाश्रम नाही, प्रसूतीची सोय नाही, म्हणून गरोदर बाई काही आठवडे आधीच मुख्य भूमीवर जाते. पोटापाण्याची सोय नसलेल्या माणसाला गव्हर्नर परत पाठवू शकतो. एवढ्यावरून ती गोष्ट पसरली आहे.

व्हिसा. स्वालबार्डला स्वतःचा व्हिसा लागत नाही हे खरं, पण विमान ऑस्लो किंवा ट्रॉम्सोवरून जातं, आणि नॉर्वे शेंगेनमध्ये, स्वालबार्ड बाहेर. भारतीय पासपोर्टवर शेंगेन व्हिसा हवाच, आणि तोही किमान दोन प्रवेशांचा. ऑस्लोला उतरलात की पहिला प्रवेश झाला. लाँगइयरब्येनला गेलात की शेंगेनमधून बाहेर पडलात, परतताना दुसरा प्रवेश. एक-प्रवेशाचा व्हिसा घेऊन गेलात तर परतीच्या विमानाला अडचण. अर्ज भरतानाच प्रवासाच्या कार्यक्रमात लाँगइयरब्येन स्पष्ट लिहा आणि जाण्या-येण्याची तिकिटं जोडा. मुख्य भूमीवरून निघतानाही पासपोर्ट तपासतात, तो सामानात टाकू नका.

लाँगइयरब्येन ते बारेंट्सबर्ग रस्ता नाही. जुलैत बोट, दिवसभराची सहल, बहुतेकदा वाटेत समोरची एस्मार्क हिमनदी दाखवतात. फेब्रुवारी ते मेच्या सुरुवातीपर्यंत स्नोमोबाइल. हेलिकॉप्टरची आशा नको: रशियन कंपनीच्या हेलिकॉप्टरला खाणीच्या कामापुरती परवानगी असते. लावरोव यांच्या पत्रातली तक्रार तीच.

बुकिंगपूर्वी बोटवाल्याला एकच प्रश्न लेखी विचारा: गावात उतरवणार की समुद्रातूनच दाखवणार? २०२२ पासून तिथल्या पर्यटन संस्थांनी रशियन कंपनीला पैसे जाऊ नयेत अशी भूमिका घेतली आणि बऱ्याच सहली किनाऱ्याला न लागता परततात. उतरायला मिळालं तर नॉर्वेचे क्रोन रोख ठेवा, कार्डाच्या भरवशावर राहू नका.

वस्तीबाहेर पायी फिरायचं तर अस्वलाला पळवून लावायचं साधन जवळ असणं बंधनकारक आहे आणि बंदूक बाळगायचा सल्ला दिला जातो. वाटाड्यासोबत गेलात तर ते त्याचं काम. २०२५ पासून अस्वलापासून ३०० मीटर अंतर राखायचं, १ मार्च ते ३० जून या काळात ५००. १९४६ पूर्वीची मानवी खूण, मग ती गंजलेला खिळा का असेना, कायद्याने वारसा आहे. आठवण म्हणून उचलली तर दंड.

हिमाद्री नी-ऑलेसुनमध्ये आहे, १ जुलै २००८ ला सुरू झालं, गोव्याचं राष्ट्रीय ध्रुवीय आणि महासागर संशोधन केंद्र ते चालवतं. तेही मूळचं कोळशाचंच गाव. नोव्हेंबर १९६२ च्या स्फोटात २१ जण गेले, पुढच्या वर्षी त्यावरून नॉर्वेचं सरकार पडलं आणि खाण बंद झाली. बोटीने गावात उतरता येतं, केंद्राच्या आत पाहुण्यांना सहसा प्रवेश नसतो. २० किलोमीटर आधीच फोन फ्लाइट मोडवर टाका, वायफाय-ब्लूटूथ दोन्ही बंद: तिथल्या रेडिओ दुर्बिणीला ते चालत नाही. फोटो काढा, घड्याळ आणि हेडफोन मात्र आठवणीने बंद करा, लोक फोन बंद करतात आणि मनगटावरचं विसरतात.

बारेंट्सबर्ग आणि नी-ऑलेसुन एका बोटीत एकाच दिवशी होत नाही. जुलैत तपमान ५ ते ८ अंश, वारा वेगळा, रात्र नाहीच. डोळ्यांवर बांधायची पट्टी घेऊन जायला सांगा.